साडी नेसलेली मरियामाता

गेल्या नाताळात आमच्या बजाजनगरच्या गटातल्या एका ताईंनी सगळ्यांना घरी बोलावलं होतं. करंज्या, केक, चहा झाला. भिंतीवर मरियामातेचं चित्र होतं. निळा झगा, गोरा रंग, भुरे केस. आमच्या गटातल्या काकू ते निरखून बघत होत्या. मग सरळ म्हणाल्या, "ही आपल्यासारखी साडी का नसेल नेसत?" सगळ्या हसल्या. मला मात्र त्या प्रश्नाचं उत्तर माहीत होतं. साडी नेसलेली मरियामाता काढणारा एक चित्रकार आपल्या पुण्यात राहून गेला. आज त्याचीच गोष्ट सांगते.

त्याचं नाव आंजेलो द फोन्सेका. जन्म 1902 चा, गोव्यातल्या सांत इस्तेव्ह बेटावरचा. तेव्हा गोव्यात पोर्तुगीजांचं राज्य होतं. घरच्यांना मुलगा डॉक्टर व्हायला हवा होता, पण त्याने ते शिक्षण अर्ध्यावर सोडलं आणि मुंबईच्या जे. जे. कला शाळेत गेला. तिथेही त्याचं मन रमलं नाही. सगळं शिकवणं विलायती पद्धतीचं होतं. मग तो थेट बंगालमध्ये गेला. अवनींद्रनाथ टागोर आणि नंदलाल बोस यांच्या हाताखाली शिकला.

आता इथे जरा थांबा, कारण ही गोष्ट फिरून आपल्याच जिल्ह्यात येते. हे नंदलाल बोस 1909 साली तरुणपणी आपल्या अजिंठ्याला आले होते. ख्रिस्तियाना हेरिंगहॅम नावाच्या एका इंग्रज बाईंनी लेण्यांतल्या चित्रांच्या नकला करायचं काम काढलं होतं. फर्दापूरला तंबू ठोकून ही मंडळी राहायची आणि लेण्यांच्या अंधारात बसून एकेक रेघ उतरवून घ्यायची. याच बाईंनी त्याआधी चेन्निनो चेन्निनी या जुन्या इटालियन चित्रकाराचं पुस्तक इंग्रजीत आणलं होतं. अंड्याच्या बलकात रंग कसा कालवायचा, देवळातली भिंत कशी रंगवायची, असं सगळं त्यात आहे. म्हणजे बघा, इटलीच्या चर्चची विद्या जाणणारी बाई अजिंठ्याला आली, तिच्यासोबत नंदलाल आले, आणि पुढे नंदलालांचा शिष्य चर्चची चित्रं काढू लागला. आपण शंभर किलोमीटरवर राहतो आणि अजिंठा पाहिलेला नसतो. माझंही लग्नानंतरच पाहून झालं.

तर आंजेलो शिकून गोव्याला परतला आणि चित्रं काढू लागला. त्याची मरियामाता साडी नेसते, अनवाणी चालते, सावळी आहे. बाळ येशू आपल्याकडच्या बाळासारखा. हे तिथल्या बऱ्याच धर्मगुरूंना आणि प्रतिष्ठितांना खपलं नाही. देवाच्या आईला गावच्या बाईसारखं दाखवणं त्यांना अपमानाचं वाटलं. खरं तर इटलीचे चित्रकार वेगळं काय करत होते? मरियामाता इटलीची नव्हतीच. तरी तिथल्या खेड्यापाड्यांतल्या चर्चमध्ये तिला त्यांच्याच बायकांचे चेहरे, त्यांचेच कपडे, मागे त्यांचेच डोंगर. त्यांनी आपली माणसं काढली ती भक्ती झाली आणि आंजेलोने काढली तो अपमान झाला! मला याचा राग येतो, सांगूनच टाकते.

शेवटी त्याने गोवा सोडला. पुण्यात शिवाजीनगरला ख्रिस्त प्रेम सेवा आश्रम आहे, तिथे त्याला आसरा मिळाला. आश्रम दुसऱ्या पंथाचा, हा कॅथलिक, पण त्यांनी त्याला काम करू दिलं. बहुतेक कामं कागदावर, जलरंगात. पन्नाशीच्या उंबरठ्यावर त्याचं लग्न झालं. बायकोचं नाव आयव्ही. त्यानंतरच्या चित्रांतल्या मरियेत आयव्हींचाच चेहरा दिसतो, असं जाणकार सांगतात.

1962 ते 1965 या काळात रोमला कॅथलिक चर्चची मोठी परिषद झाली. प्रत्येक देशाची भाषा आणि कला चर्चमध्ये यायला तिथे वाट मोकळी झाली. आंजेलो ते तीस वर्षं आधीपासूनच करत होता. 1967 च्या डिसेंबरात पुण्यात तो वारला.

मागे राहिल्या आयव्ही, एक मुलगी, आणि शेकडो चित्रं. कागदावरचा जलरंग म्हणजे किती नाजूक, विचार करा. ओल, वाळवी, ऊन, काहीही पुरतं. आपल्या घरात रेशनकार्डसुद्धा चार पावसाळे धड राहत नाही. आयव्हींनी ही चित्रं कित्येक वर्षं जपली. पुढे गोव्यात पर्वरीच्या झेवियर इतिहास संशोधन केंद्राकडे सोपवली. ज्या गोव्यातून चित्रकाराला निघावं लागलं, तिथेच ती आता आहेत.

हे सगळं मी काकूंना सांगितलं. त्या ऐकून म्हणाल्या, "मग त्या चित्राचा फोटो मिळेल का मोबाइलवर?" मी दाखवला. घरच्या ताईंनी तो पुन्हा पुन्हा मोठा करून पाहिला, आणि छापून आणायला किती पैसे पडतील ते विचारलं.