गिरनारची वाट : सावकाश चढावी, पायथ्याशी थांबावे



हंगाम संपत आला, शेवटच्या टोळ्या गावाकडे निघाल्या, की आपल्याकडे दोन विषय निघतात. एक उसाचे बिल आणि दुसरा यात्रा. ज्यांची नरसोबाची वाडी झाली, औदुंबर झाले, गाणगापूर झाले, त्यांच्या मनात मग एकच राहिलेले असते, ते म्हणजे गिरनार. परंतु "दहा हजार पायऱ्या" एवढे शब्द कानी पडले की भलेभले मागे सरतात. "आता कुठले होतेय? गुडघे गेले," असे म्हणून विषय मिटतो.

ज्यांनी विषय असा मिटवला आहे त्यांच्यासाठी हा लेख आहे. गिरनार बेताने कसा करावा हे यात सांगायचे आहेच. शिवाय वर जाण्याच्या घाईत बहुतेक यात्रेकरू पायथ्याची जी एक गोष्ट न पाहताच पुढे जातात, ती ऊस पिकवणाऱ्या माणसाने का पाहावी, हेही सांगायचे आहे.

डोंगराची ओळख

गिरनार हा सौराष्ट्रात जुनागढ शहराला लागून उभा आहे. राजकोट-वेरावळ रेल्वेमार्गावर जुनागढ स्टेशन लागते. गिरनार म्हणजे एकच सुळका नव्हे, तर अनेक शिखरांचा मिळून झालेला डोंगर आहे. त्यातले गोरखनाथाचे शिखर सर्वांत उंच, सुमारे १,११७ मीटर, म्हणजे साडेतीन हजार फुटांच्या वर. गुजरात राज्यात याहून उंच जागा नाही.

हा डोंगर कोणा एकाचा नाही. जैन बांधवांच्या दृष्टीने बाविसावे तीर्थंकर नेमिनाथ यांचे हे निर्वाणस्थान. निम्म्याच्या थोडे खाली त्यांची बाराव्या शतकातील मंदिरे आहेत, आणि त्यांतले दगडाचे काम पाहून मान आपोआप वर होते. पुढे अंबामातेचे मंदिर, मग गोरखनाथ, आणि शेवटच्या सुळक्यावर दत्तगुरूंच्या पादुका. त्या स्थानाला जैन लोकही आपले मानतात. शेजारच्या दातार डोंगरावर पीर आहे, तिथे हिंदू-मुसलमान दोघेही जातात. तेव्हा वर गेल्यावर कोण कोणाचे यावर वाद न घालता, पायातले काढून, हात जोडून पुढे सरकावे हे बरे.

पायऱ्यांचीही एक गंमत आहे. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस जुनागढ संस्थानात लॉटरी काढली गेली आणि तिच्या पैशातून ही पायवाट बांधायला घेतली. म्हणजे आज आपण ज्या पायरीवर पाय ठेवतो, ती कोणा एका धनिकाच्या देणगीची नसून अनेकांनी घेतलेल्या तिकिटांची आहे. शेअर घेऊन कारखाना उभा करणाऱ्या माणसाला हा हिशेब वेगळा समजावून सांगायला नको.

चढण बेताची कशी करावी

आमच्या गटातील चौदा जण, ज्यांचा ऊस वेळेत गेला होता असे, माघ महिन्यात जाऊन आलो. त्यात साठीच्या पुढचे सहा होते. सर्वजण सुखरूप परत आले. जे उपयोगी पडले ते सांगतो.

पहिली गोष्ट, वेळ. थंडीचे दिवस उत्तम, पण नेमका तोच आपला तोडणीचा काळ. उन्हाळ्यात जायचे तर पहाटे अंधारातच पहिली पायरी चढावी. दहानंतर दगड तापतात आणि माणूस हैराण होतो. पावसाळ्यात पायऱ्या निसरड्या होतात. कार्तिकी एकादशीपासून पौर्णिमेपर्यंत डोंगराभोवती सुमारे ३६ किलोमीटरची "लीली परिक्रमा" असते; तेव्हा आणि महाशिवरात्रीला पायथ्याच्या भवनाथ येथे प्रचंड गर्दी लोटते. ज्यांना गर्दी सोसत नाही त्यांनी हे दिवस टाळावेत.

दुसरी गोष्ट, रोपवे. २४ ऑक्टोबर २०२० पासून पायथ्यापासून अंबामातेपर्यंत रोपवे सुरू झाला आहे. साधारण पाच हजार पायऱ्यांचे अंतर काही मिनिटांत कापले जाते. पण एक नीट ध्यानात घ्यावे, रोपवेने निम्मेच काम होते. अंबामातेपासून गोरखनाथ, तिथून खोल उतरण आणि मग पादुकांची उभी चढण, असे पुढचे सगळे पायीच. आणि उतरलेले येताना पुन्हा चढावे लागते. शिवाय वारा जोराचा असला की रोपवे बंद ठेवतात, म्हणून एक दिवस हाताशी राखून जावे. ज्यांना एवढेही झेपणार नाही त्यांनी अंबामातेचे दर्शन घेऊन, तिथूनच पादुकांच्या शिखराला हात जोडून माघारी फिरण्यात काहीही कमीपणा नाही.

तिसरी गोष्ट, वाटाड्या. डोंगरावर रोज ये-जा करणारा एखादा स्थानिक माणूस सोबत घ्यावा. आम्ही एका जुन्या डोलीवाल्या बाबांना घेतले होते. वय झाल्यामुळे त्यांनी डोली उचलणे सोडले होते, पण डोंगर पायाखालचा. त्यांचा एकच मंत्र, "धीमे धीमे, बापा." पन्नास पायऱ्या झाल्या की उभे करत, शंभरावर बसवत. आमच्यातले दोघे तरुण पहिल्या पाचशे पायऱ्या धावत गेले आणि दीड हजाराला धापा टाकत बसलेले सापडले. बाबांच्या मागचे सहा म्हातारे त्यांना नमस्कार करून पुढे गेले. बैलाला पहिल्याच सरीत पळवू नये हे आपण जाणतो, स्वतःच्या पायांच्या बाबतीत मात्र विसरतो.

चौथी गोष्ट, डोली. ज्यांना चालवत नाही त्यांना दांड्याला टांगलेल्या पाटावर बसवून खांद्यावरून नेतात. भाडे वजनावर असते, त्यामुळे आधी काट्यावर उभे राहावे लागते. आमच्याबरोबरच्या एका मावशींना काट्यावर उभे केले तेव्हा त्या म्हणाल्या, "अगोदर काटा तपासून घ्या बरं का!" सगळी मंडळी हसली, ऊसवाल्याच्या घरातली बाई दुसरे काय म्हणणार! पण परत आल्यावर त्याच मावशी डोलीवाल्यांचे सुजलेले खांदे पाहून गप्प झाल्या आणि ठरल्यापेक्षा जास्त पैसे त्यांनी आपल्या हाताने दिले. डोलीत बसणे यात पाप नाही, त्या माणसांचे घर त्यावर चालते. मात्र दरासाठी घासाघीस करताना खांदा कोणाचा आहे हे लक्षात असावे.

याशिवाय रक्तदाब, हृदयविकार असणाऱ्यांनी डॉक्टरांना विचारल्याशिवाय निघू नये. हातात काठी, पायात मऊ बूट, जवळ गूळ-शेंगदाणे आणि धातूच्या बाटलीत पाणी असावे. प्लास्टिक वर नेऊ नये. आजूबाजूचे जंगल अभयारण्य असून त्यात सिंह आणि बिबटे आहेत. पायऱ्या सोडून आडवाटेला जाऊ नये.

पायथ्याचा दगड

आता मुख्य गोष्ट. जुनागढ शहरातून गिरनारकडे जाताना रस्त्याच्या कडेला एक इमारत लागते. आत एक मोठा थोरला काळा खडक आहे. रिक्षावाले विचारल्याशिवाय थांबत नाहीत. आपण थांबवावे.

या एका खडकावर तीन काळांतले लेख आहेत. सर्वांत जुने सम्राट अशोकाचे, इ. स. पूर्व तिसऱ्या शतकातले, चौदा आदेश. त्यातल्या एकात माणसांच्या आणि जनावरांच्याही औषधोपचाराची सोय, रस्त्याच्या कडेने विहिरी आणि झाडे, याविषयी सांगितले आहे. दुसरा लेख इ. स. १५० चा, रुद्रदामन या क्षत्रप राजाचा. तिसरा गुप्त सम्राट स्कंदगुप्ताच्या काळातला. पुढचे दोन्ही लेख एका धरणाविषयी आहेत!

त्या धरणाच्या तलावाचे नाव सुदर्शन. चंद्रगुप्त मौर्याच्या वेळी पुष्यगुप्त नावाच्या अधिकाऱ्याने तो बांधला. अशोकाच्या काळात तुषास्फ याने त्याला पाणी काढून देणारे पाट केले. पुढे शके ७२, म्हणजे इ. स. १५० च्या सुमारास, मार्गशीर्ष महिन्यात, म्हणजे पावसाळा संपून गेल्यावर, भयंकर वादळी पाऊस झाला. अवकाळी काय करतो हे आपल्याला ठाऊक आहेच. गिरनारवरून उतरणाऱ्या सुवर्णसिकता, पलाशिनी या नद्यांना पूर आला आणि बांध फुटला. खिंडाराचे माप लेखात दिले आहे, ४२० हात लांब, तेवढेच रुंद आणि ७५ हात खोल. दीड फुटाचा हात धरला तर लांबी ६३० फूट होते.

राजाच्या मंत्र्यांनी आणि अधिकाऱ्यांनी "हे काम होणे नाही" म्हणून अंग काढून घेतले. लोकांनी आशा सोडली, हाहाकार झाला. तेव्हा सुविशाख नावाच्या प्रांताधिकाऱ्याने हे काम अंगावर घेतले आणि फार वेळ न लावता पूर्वीपेक्षा तिप्पट मजबूत बांध घातला. आणि लेखात आवर्जून कोरले आहे की हा सगळा खर्च राजाने आपल्या खजिन्यातून केला. शहरातल्या आणि खेड्यातल्या लोकांवर ना नवा कर बसवला, ना वेठबिगार लादली, ना "खुशीची" म्हणून वर्गणी उकळली.

राजाने स्वतःच्या कौतुकासाठी कोरवलेला लेख आहे, तेव्हा रुपयातले चार आणे कमी करून वाचावा. याच लेखात त्याने आपल्या दख्खनच्या सातकर्णीला दोनदा हरवल्याचे, पण जवळचे नाते म्हणून त्याचे राज्य न बुडवल्याचेही सांगून टाकले आहे! तरीही एक गोष्ट उरतेच. पावणेदोन-दोन हजार वर्षांपूर्वीच्या राजाला लढाया जिंकण्याइतकीच मिरवावीशी वाटलेली गोष्ट कोणती, तर फुटलेला बांध रयतेला न पिळता दुरुस्त केला ही.

तो बांध पुन्हा इ. स. ४५५ च्या सुमारास, भाद्रपदातल्या एका रात्री फुटला. तेव्हा पर्णदत्ताचा मुलगा चक्रपालित याने तो पुन्हा बांधून घेतला. म्हणजे बांधल्यापासून साडेसातशे वर्षांवर हा तलाव माणसांनी जपला. आज तिथे सुदर्शन तलाव नाही. लेख राहिला, पाणी गेले.

आपल्यासाठी काय?

आपल्या सहकारात राजा नाही आणि राजाचा खजिनाही नाही. बंधारा फुटला, उपसा योजनेची पाइपलाइन बसली, पाटचारी गाळाने भरली, तर जो पैसा लागतो तो आपल्याच टनामागून कापला जातो. वेठबिगार नाही हे खरे, पण कपात आहेच. मग फुटायची वाट का पाहावी? शेवटच्या टोकाच्या सभासदाला पाणी पोचत नाही, कारण वरच्या चौघांनी चारीतला गाळ काढलेला नसतो, हे दर उन्हाळ्यात आपण पाहतो. आणि "हे काम होणे नाही" म्हणणारे त्या दरबारात होते तसे आपल्या गावच्या बैठकीतही असतात. अशा वेळी एखादा सुविशाख उठला तर त्याला साथ द्यावी, आणि पदाधिकाऱ्यांना हिशेबही विचारावा, की खर्च किती, कोणाच्या खांद्यावर आणि तो बरोबरीने वाटला की नाही.

म्हणून गिरनारला जाल तेव्हा पहिला दिवस पायथ्याचा ठेवावा. खडकापाशी तासभर काढावा, बरोबरच्या नातवंडांना ही हकिगत सांगावी. दुसऱ्या दिवशी पहाटे वाटाड्याच्या मागे सावकाश चढावे. वरून उतरणारे ओढे पाहिले की तो बांध कशासाठी होता हे न सांगता कळते. आणि जाण्यापूर्वी आपल्या हद्दीतली चारी साफ करून जावे, म्हणजे माघारी येईपर्यंत खालच्या भावाच्या उसाला पाणी पोचलेले असेल.