कफ व त्याची निगा

भोर व वेल्हे या भागांत सह्याद्रीच्या कुशीला पावसाळ्यांत घरें ओलसर राहतात, दारें-खिडक्या बंद असतात आणि पुष्कळ चुलींत ओलें सरपण धुमसत असतें. अशा दिवसांत खोकला व कफ बळावतो. परंतु कफ मुळांत निरुपयोगी नव्हे. श्वासनलिकेंतील चिकट द्राव धूळ व जंतु पकडतो, आणि तेथील अतिसूक्ष्म केस तो घशाकडे ढकलतात. धुरानें हे केस दुबळे होतात व कफ सांचतो. म्हणून सरपण आधींच वाळवावें, धुराड्याची वाट मोकळी ठेवावी, घरांत विडी ओढूं नये. कोमट पाणी वरचेवर प्यावें. लहान मुलांस उकळत्या पाण्याची वाफ देऊं नये. भाजण्याचें भय असतें.

रॉबर्ट कॉख यांनीं १८८२ सालीं क्षयाचा जंतु शोधून काढला. तो खोकल्याच्या तुषारांतून हवेंत पसरतो; यास्तव तोंडावर रुमाल धरून खोकावें. दोन आठवडे खोकला न थांबल्यास, किंवा कफांत रक्त दिसल्यास, सरकारी दवाखान्यांत थुंकी तपासवावी. तेथें तपासणी व क्षयाचें औषध विनामूल्य मिळतें. औषध पुरतें घेतल्यास क्षय बहुधा बरा होतो. तें अर्ध्यावर सोडूं नये.

विद्यार्थ्यांनो, घरांत कोणी वडील मनुष्य लाजेनें खोकला लपवीत असेल, तर त्यास तुम्हींच आदरानें दवाखान्यांत न्यावें.