मोझांबिक बेट
मोझांबिक बेट (पोर्तुगीज: इल्या दे मोसांबिक) हे आफ्रिकेच्या पूर्व किनाऱ्यालगत, मोझांबिक देशाच्या नांपुला प्रांतात असलेले एक छोटे प्रवाळी बेट आहे. देशाला नाव याच बेटावरून मिळाले. त्याची लांबी सुमारे ३ किलोमीटर, तर रुंदी जेमतेम २०० ते ५०० मीटर आहे. १९६० च्या दशकात बांधलेल्या अरुंद पुलाने ते मुख्य भूमीशी जोडले गेले.

इतिहास
वास्को द गामा १४९८ मध्ये येथे पोहोचला तेव्हा हे अरब व स्वाहिली व्यापाऱ्यांचे बंदर होते. पुढे पोर्तुगीजांनी ते ताब्यात घेतले. लिस्बनहून गोव्याला जाणारी जहाजे अनुकूल मोसमी वाऱ्यांची वाट पाहत येथे थांबत. १७५२ पर्यंत मोझांबिकचा कारभारही गोव्याहूनच चाले. सेंट सेबॅस्टियन किल्ल्याचे बांधकाम १५५८ मध्ये सुरू झाले. १६०७ व १६०८ मध्ये डचांनी घातलेले वेढे या किल्ल्यामुळे निष्फळ ठरले. अठराव्या-एकोणिसाव्या शतकांत बंदराची भरभराट मुख्यतः गुलामांच्या व्यापारावर झाली. १८९८ मध्ये राजधानी लोरेन्सू मार्किश (आजचे मापुतो) येथे गेल्यावर बेटाचे महत्त्व ओसरले.

दोन वस्त्या
बेटाच्या उत्तरेस चुनेगच्ची दगडी शहर आहे, तर दक्षिणेस नारळाच्या झावळ्यांनी शाकारलेल्या घरांची 'माकूती' वस्ती. दगडी शहरासाठी लागणारा प्रवाळी दगड दक्षिण भागातून खणून काढण्यात आला आणि त्या खाणींच्या खळग्यांतच पुढे माकूती वस्ती उभी राहिली. त्यामुळे तेथील काही घरांची छपरे रस्त्याच्या पातळीला येतात व पावसाळ्यात वस्तीत पाणी तुंबते. बेटावरील बहुसंख्य लोक आजही याच भागात दाटीवाटीने राहतात. गोड्या पाण्याचे नैसर्गिक स्रोत नसल्याने पूर्वी सपाट गच्च्यांवरील पावसाचे पाणी टाक्यांत साठवले जाई. किल्ल्यातही असे मोठे टाके आहे.

लोकजीवन
रहिवासी प्रामुख्याने माकुआ भाषेची स्थानिक बोली बोलतात. तिच्यात स्वाहिलीचा प्रभाव आढळतो. बहुतेक लोक मुस्लिम असून मासेमारी हा त्यांचा मुख्य व्यवसाय आहे. दीव व गुजरातेतून आलेल्या व्यापाऱ्यांमुळे येथे हिंदू मंदिरही आहे. स्त्रिया 'मुसिरो' या झाडाचे लाकूड उगाळून केलेला पांढरा लेप चेहऱ्यास लावतात.

१९९१ मध्ये युनेस्कोने दोन्ही वस्त्यांसह संपूर्ण बेटाचा जागतिक वारसा यादीत समावेश केला. मार्च २०२२ मधील गोम्बे चक्रीवादळात येथील अनेक घरांची पडझड झाली.