प्राध्यापकांचे संशोधन आणि आपली औषधशाळा

विद्यापीठातील संशोधनाचा आपल्या व्यवसायाशी संबंध काय, असे आम्हांस अनेकदा विचारले जाते. कलकत्ता विद्यापीठात १९६२ ते १९८२ या काळात रसायनशास्त्राच्या खैरा प्राध्यापक असलेल्या असीमा चटर्जी यांनी अध्यापन सांभाळून वनौषधींतील घटकांचा आयुष्यभर अभ्यास केला. जटामांसी व सुनिषण्णक यांपासून सिद्ध झालेला अपस्मारावरील ‘आयुष-५६’ हा योग त्याच परिश्रमांचे फळ होय. परंतु संशोधनाने सिद्ध झालेला गुण त्या विशिष्ट वनस्पतीचाच असतो. जटामांसीच्या पोत्यात भूतकेशीची भेसळ असल्यास रुग्णास त्याचा लाभ कसा व्हावा? म्हणून व्यवसायबंधूंनी व औषधशाळा-चालकांनी खरेदीचा प्रत्येक नमुना जवळच्या आयुर्वेद महाविद्यालयातील द्रव्यगुण विभागाकडून तपासून घ्यावा, अशी आमची आग्रहाची विनंती आहे.