नर्सरीत मुबलक, मायभूमीत दुर्मीळ: गोल्डन बॅरल कॅक्टस

पिवळ्याधमक काट्यांचा गोल कॅक्टस आपण नर्सरीत पाहिलेला असतो. हाच गोल्डन बॅरल. इंग्रजीत त्याला गमतीनं 'सासूबाईंची उशी'ही म्हणतात. पण मेक्सिकोतल्या मूळ डोंगरकड्यांवर तो आज दुर्मीळ झालाय. आययूसीएनच्या लाल यादीत त्याची नोंद 'संकटग्रस्त' अशी आहे.

असं का झालं? कारणं दोन. १९९०च्या दशकात केरेतारो आणि इदाल्गो राज्यांच्या सीमेवर सिमापान धरण झालं आणि या कॅक्टसचा बराच अधिवास पाण्याखाली गेला. दुसरं कारण म्हणजे शौकिनांसाठी रानातून होणारी चोरी. हे झाड फार सावकाश वाढतं, त्यामुळे एक उपटलं की त्याची जागा भरायला कित्येक वर्षं लागतात.

मग घरी लावायचा नाही का? जरूर लावा. नर्सरीतली रोपं बियांपासून तयार होतात, त्यासाठी रानातल्या झाडाला हात लावावा लागत नाही. मात्र परदेशातून कॅक्टस आणायचा असेल, तर साइट्स कराराखालील परवान्याची आधी चौकशी करा.

आपल्या कुंडीतलं रोप शोभा वाढवतं, पण कड्यावरचं झाड परत आणत नाही. ते तिथेच जपावं लागतं.