ऑनलाइन खेळांतील आयपी पत्ता आणि गोपनीयता

आयपी पत्ता हा इंटरनेटवरील जोडणी ओळखण्यासाठी वापरला जाणारा अंकीय पत्ता होय. त्यावाचून खेळाची माहिती खेळाडूपर्यंत पोहोचत नाही. त्यामुळे तो पूर्णपणे लपवता येत नाही. ऑनलाइन खेळांतील गोपनीयता हा पत्ता कोणाला दिसतो, यावर बऱ्याच अंशी अवलंबून असते.

पत्त्याची दृश्यता

बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडियासारख्या खेळांत खेळाडू कंपनीच्या सर्व्हरशी जोडले जातात. प्रतिस्पर्ध्याला सहसा पत्ता कळत नाही. ग्रँड थेफ्ट ऑटो ऑनलाइनमध्ये उपकरणे परस्परांशी थेट जोडली जात असल्याने तो सहखेळाडूला मिळू शकतो. घरच्या संगणकावर माइनक्राफ्टचा सर्व्हर चालवणाऱ्याचा पत्ता सामील होणाऱ्यांना उघड होतो.

पत्त्यावरून सेवादाता व ढोबळ प्रदेश समजतो, घर नव्हे. अहिल्यानगर जिल्ह्यातील खेळाडूचे ठिकाण पुणे किंवा मुंबई असेही दिसू शकते. मोबाइल सेवेत अनेक ग्राहकांना एकच आयपीव्ही४ पत्ता सामायिक असू शकतो. ग्राहकाचे नाव मात्र सेवादात्याकडे नोंदलेले असते.

धोके

पत्ता मिळाल्यास त्यावर अनावश्यक माहितीचा मारा करून जोडणी बंद पाडता येते. २०१६ मधील मिराई या घातक प्रणालीचा वापर आरंभी माइनक्राफ्टचे सर्व्हर पाडण्यासाठी झाला होता; मूळ पासवर्ड न बदललेले राउटर व कॅमेरे तिने ताब्यात घेतले होते. भारतात असा हल्ला माहिती तंत्रज्ञान अधिनियम, २००० च्या कलम ४३ व ६६ नुसार गुन्हा असून ३ वर्षांपर्यंत कारावास होऊ शकतो.

उपाय

राउटरचा पासवर्ड बदलणे, अनोळखी सर्व्हर टाळणे आणि फोन क्रमांक, शाळा वा गाव संभाषणात न सांगणे हे मूलभूत उपाय होत. व्हीपीएन मूळ पत्ता सहखेळाडूंपासून झाकते. परंतु माहिती दुसऱ्या सर्व्हरमार्गे जात असल्याने प्रतिसादास विलंब होऊ शकतो. शिवाय सर्ट-इनच्या २८ एप्रिल २०२२ च्या निर्देशांनुसार व्हीपीएन सेवादात्यांनी ग्राहकांच्या नोंदी किमान ५ वर्षे ठेवणे बंधनकारक आहे. त्यानंतर काही परदेशी कंपन्यांनी भारतातील सर्व्हर हटवले.

कायदेशीर स्थिती

वापरकर्त्यांची माहिती परदेशी सर्व्हरकडे अनधिकृतपणे पाठवली जात असल्याच्या तक्रारींचा उल्लेख करून केंद्र सरकारने २ सप्टेंबर २०२० रोजी पबजी मोबाइलसह ११८ अ‍ॅपवर बंदी घातली. डिजिटल वैयक्तिक डेटा संरक्षण अधिनियम, २०२३ मध्ये १८ वर्षांखालील मुलांच्या माहितीसाठी पालकांच्या पडताळणीयोग्य संमतीची तरतूद आहे. त्याचे नियम नोव्हेंबर २०२५ मध्ये अधिसूचित झाले असून तरतुदी टप्प्याटप्प्याने लागू होत आहेत. हल्ला किंवा धमकीची तक्रार पोलिसांकडे वा राष्ट्रीय सायबर गुन्हे तक्रार संकेतस्थळावर, तर आर्थिक फसवणुकीची तक्रार १९३० या क्रमांकावर करता येते.