कढईपाशी अडकलेली यजमानीण

पाहुणे जमले, की मराठी घराचे दोन देश होतात. दिवाणखान्यात गप्पा, हसणे, कुणाची तरी नक्कल, कुणाचे तरी राजकारण. आणि स्वयंपाकघरात कढई. भज्यांचा एक घाणा उतरतो, ताटली बाहेर जाते, रिकामी होऊन परत येते. ‘वहिनी, तुम्हीही या की बाहेर!’ असे आतल्या दिशेने तोंड करून म्हणणारे पाहुणे सभ्य असतात, यात शंका नाही. पण वहिनी बाहेर आल्या तर पुढचा घाणा कोण काढणार, हे काही कुणी विचारत नाही. वहिनी पदराला हात पुसत बाहेर येतात, तोवर मंडळींनी चपला शोधायला सुरुवात केलेली असते.

यात वहिनींचा दोष नाही आणि पाहुण्यांचाही फारसा नाही. दोष असलाच तर तो तळणाच्या स्वभावात आहे. कांदाभजी कढईतून निघाल्यावर पाच-सात मिनिटेच काय ती भजी असतात. त्यानंतर ती तेल प्यालेला बेसनाचा लगदा होतात. बटाटेवड्याचे, साबुदाणावड्याचे तेच. जो पदार्थ गरम असतानाच खायचा, तो करणाऱ्याला खाणाऱ्यांच्या पंगतीत कधीच बसता येत नाही. मेजवानीच्या सुरुवातीचे खाणे काय असावे, हा प्रश्न म्हणूनच नुसत्या चवीचा नाही. संध्याकाळभर घरातले कोण कुठे उभे राहणार, ते त्यावरून ठरते.

तेव्हा कांदा सोडायचा नाही, पण कढई सोडायची, असे काही करता येईल का? येईल. त्यासाठी थोडे लांब जावे लागेल.

स्वित्झर्लंडची राजधानी बर्न. तिथे दरवर्षी नोव्हेंबरच्या चौथ्या सोमवारी कांद्याचा बाजार भरतो. थंडीत, पहाटे अंधारातच माणसे रस्त्यावर असतात. शेतकरी कांद्याच्या वेण्या घालून आणतात. अगदी आपल्याकडे लसणाच्या वेण्या असतात तशा, फक्त जास्त नटवलेल्या. आणि त्या गारठ्यात लोक दोन गोष्टी खातात: कांद्याचे गरम सूप आणि कांद्याचा टार्ट. त्याच देशातल्या बाझल शहरात वसंताआधीच्या कार्निव्हलला पहाटे चारला शहराचे दिवे मालवून मिरवणूक निघते. तिथेही पिठाच्या सूपबरोबर कांद्याचाच टार्ट असतो. शेजारच्या अल्सास प्रांतात हा पदार्थ घरोघरी होतो. १८७१ ते १९४५ या काळात हा प्रांत फ्रान्स आणि जर्मनी यांच्यात चार वेळा इकडून तिकडे गेला. झेंडे बदलले, शाळेतली भाषा बदलली. कांद्याचा टार्ट मात्र दोन्हीकडचे लोक आपलाच म्हणून खात राहिले. आणखी दक्षिणेला, समुद्रकाठच्या नीस शहरात, पावाच्या पिठाच्या पोळीवर मंद परतलेला कांदा पसरतात, वर खारवलेले मासे आणि काळी ऑलिव्ह.

हे सगळे मूळचे शेतकऱ्यांचे, कामकऱ्यांचे खाणे. जवळ पीठ आहे, कांदा आहे, थोडे लोणी, साय, अंडी आहेत. त्यात कुटुंबाचे पोट भरायचे. आपल्याकडच्या कांदा-भाकरीची ही दूरची मावसबहीणच म्हणायची. फरक इतकाच, की तिकडे भट्टी तापलेली असायची म्हणून कांदा भाजणीला गेला आणि आपल्याकडे तो तव्यावर, कढईत राहिला. भट्टी आपल्याला अगदीच परकी होती असे नाही. दिवाळीच्या आधी रवा, मैदा, तूप, साखर घेऊन बेकरीत जायचे आणि नानकटाईचे पत्रे भाजून आणायचे, हे पुण्या-मुंबईतल्या कित्येक घरांनी केलेले आहे. पुढे काचेच्या झाकणाचा गोल ओव्हन आला आणि आता विजेची छोटी भट्टी पुष्कळ घरांत ओट्यावर असते. बहुतेक वेळा तिच्यावर वर्तमानपत्रांची रद्दी ठेवलेली असते, ही गोष्ट वेगळी!

मोठा टार्ट कापून वाढायचा तर ताटली हवी, काटा हवा, बसायला जागा हवी. म्हणून मेजवानीसाठी तोच पदार्थ लहान करायचा. मिनी टार्टचे साचे बाजारात मिळतात, साधारण पाच सेंटिमीटर व्यासाचे. नियम एकच: दोन घासांत संपला पाहिजे आणि हातात धरल्यावर सांडता कामा नये. पाहुण्याच्या एका हातात सरबताचा पेला असतो, हे विसरून चालत नाही.

चोवीस नगांसाठी २०० ग्रॅम मैदा आणि १०० ग्रॅम थंड लोणी घ्यावे. लोणी खारट नसेल तर पाव चमचा मीठ. आता ज्यांनी करंज्या केल्या आहेत, शंकरपाळ्यांना मोहन घातले आहे, त्यांना वेगळे शिकवावे लागणार नाही. मोहन घातलेल्या पिठाचा मुटका वळला, की ते बरोबर झाले, ही आजीची परीक्षा इथेही लागू पडते. स्निग्धाचे आवरण पिठाच्या कणांना पाण्यापासून दूर ठेवते, त्यामुळे मैद्याला चिकटपणा येत नाही आणि पदार्थ खुसखुशीत होतो. बदल फक्त एक. आपण मोहन कडकडीत घालतो, इथे लोणी फ्रिजमधले घट्ट हवे. ते बोटांच्या टोकांनी चुरायचे, तळव्याने नाही, कारण तळवा उष्ण असतो. मग तीन-चार चमचे बर्फाचे पाणी शिंपडून गोळा नुसता एकत्र करायचा. पोळ्यांच्या कणकेसारखा तिंबायचा नाही. अर्धा तास फ्रिजमध्ये ठेवला नाही, तर साच्यात बसवलेल्या वाट्या भाजताना आक्रसतात. लाटून, साच्यात दाबून, काट्याने टोचे मारून, वर कागद आणि मूठभर कोरडा राजमा ठेवून १८० अंशांवर बारा-पंधरा मिनिटे भाजायच्या. वजन असले की तळ फुगत नाही. तो राजमा पुढच्या वेळेसाठी डब्यात ठेवून द्यावा. शिजवायला तो उपयोगाचा राहत नाही.

खरी गोष्ट कांद्याची. पाककृतींच्या पुस्तकांत ‘कांदा गुलाबी होईपर्यंत परतावा’ हे वाक्य इतक्या सहजपणे येते, की ते पाच मिनिटांचे काम वाटावे. भाजी-आमटीच्या फोडणीला तेवढे पुरतेही. टार्टचा कांदा मात्र पाऊण तास मागतो. याचे कारण सरळ आहे. कांद्यात दहातले जवळजवळ नऊ भाग पाणी असते. पाणी आहे तोवर कढईचे तापमान उकळीच्या वर जात नाही आणि रंगही चढत नाही. एक किलो कांदा उभा, पातळ चिरून, दोन चमचे लोणी आणि एक चमचा तेलावर, एक चमचा मीठ घालून जाड बुडाच्या भांड्यात टाकावा. पहिली पंधरा मिनिटे झाकण ठेवावे. मिठाने पाणी सुटते, कांदा पारदर्शक होतो. मग झाकण काढून मंद आचेवर अधूनमधून हलवत राहावे. पाणी आटते आणि कांद्यातली साखर व प्रथिनांचे घटक यांची ती रासायनिक क्रिया सुरू होते, जिचे वर्णन लुई कामिय मायार या फ्रेंच शास्त्रज्ञाने १९१२ साली केले. पाव भाजल्याचा, कॉफी भाजल्याचा वास याच कुळातला. आच वाढवली तर बिर्याणीवर घालतो तसा कडा करपलेला कांदा मिळेल. तो इथे नको. इथे मधाच्या रंगाचा, बोटांत विरघळणारा कांदा हवा. भरलेले पातेले बसत बसत पाव किलोच्या आसपास येते.

चिरताना डोळ्यांना येणाऱ्या पाण्याबद्दलही दोन शब्द. कांदा कापला की त्यातल्या पेशी फुटतात आणि एरवी वेगवेगळे असलेले पदार्थ एकत्र येऊन डोळ्यांना झोंबणारा वायू तयार होतो. तो घडवणारे विकर २००२ मध्ये जपानी संशोधकांनी ओळखले आणि २०१३ मध्ये त्याबद्दल त्यांना इग नोबेल हे गमतीदार पारितोषिक मिळाले. घरगुती उपाय दोनच: कांदा अर्धा तास फ्रिजमध्ये ठेवावा आणि सुरीला धार असावी.

पुढचे सोपे. दोन अंडी, १५० मिलिलिटर साय किंवा क्रीम, ५० ग्रॅम किसलेले चीज, मिरपूड आणि जायफळाची चिमूट एकत्र फेटायचे. प्रत्येक वाटीत चमचाभर कांदा, वर हे मिश्रण काठापासून थोडे खाली, आणि पुन्हा १८० अंशांवर पंधरा मिनिटे. अंडे चालत नसेल त्या घरी चक्का आणि चमचाभर कॉर्नफ्लोअर घालावे. चव थोडी आंबूस येते, ती कांद्याच्या गोडव्याला शोभते. हिरवी मिरची घालण्याचा मोह होतो. घालावी, पण बेताने. इथे कांद्याला बोलू द्यावे.

या पदार्थाची खरी गंमत वेळापत्रकात आहे. वाट्या आदल्या दिवशी भाजून हवाबंद डब्यात राहतात. कांदा आदल्या रात्री परतून फ्रिजमध्ये राहतो. पाहुणे यायच्या तासभर आधी फक्त भरायचे आणि भाजायचे. कोमट झाल्यावर चव उलट अधिक खुलते. म्हणजे पहिली घंटा वाजते तेव्हा गॅस बंद असतो.

कांदा नाशिकचा लाल घ्यावा की उन्हाळ? लाल कांदा थंडीच्या हंगामातला, पाणी जास्त, टिकायला कमी. मार्च ते मे दरम्यान निघणारा उन्हाळ कांदा चाळीत महिनोन्‌महिने टिकतो आणि मंद परतण्याला तोच उत्तम. निफाड तालुक्यातल्या लासलगावच्या बाजारात या कांद्याचा भाव फुटतो आणि त्यावर कधी सरकारेही हलतात: १९९८ मध्ये दिल्लीच्या निवडणुकीत कांद्याने सत्ताधाऱ्यांना रडवले. पण भाव पडतो तेव्हा रडणारा दुसरा असतो. फेब्रुवारी २०२३ मध्ये सोलापूरच्या बाजारात पाच क्विंटलांहून अधिक कांदा विकून, हमाली-तोलाई-वाहतूक वजा जाता, एका शेतकऱ्याच्या हाती दोन रुपयांचा धनादेश पडला. बर्नमध्ये कांद्याचा उत्सव होतो आणि आपल्याकडे कांद्याची बातमी होते. आपल्यालाही कांद्याचा एक सण आहेच म्हणा. चातुर्मासात कांदा-लसूण वर्ज्य करणाऱ्या घरांत आषाढ शुद्ध नवमीला, कांदेनवमीला, पोटभर भजी, थालीपीठ आणि झुणका होतो. त्या दिवशी भजीच हवीत, त्याला पर्याय सुचवणे पाप! पण वर्षातल्या उरलेल्या मेजवान्यांना कढईची सक्ती कशाला?

राहता राहिला तो पाऊण तास. ‘एवढा वेळ कुणाला आहे?’ असे कुणी म्हणेल. हा पाऊण तास आदल्या रात्रीचा आहे. जेवणे झालेली असतात, दूरदर्शन संच चालू असतो, घरात दोन-चार माणसे रिकामी बसलेली असतात. टार्टची वाटी साच्यात बसवायला थोडा हात बसलेला लागतो, मान्य. पण मंद आचेवर कांदा हलवत राहायला काही कसब लागत नाही. नुसता वेळ लागतो. आणि वेळ घरातल्या सगळ्यांना सारखाच मिळालेला असतो.